उमाणविद्या: बुडालेल्या भिंती वाचायचं शास्त्र रचतोय, चिरफाड करा

पाणकोंबडा (धागाकर्ता)

नमस्कार मंडळी. बरीच वर्षं वाचनमात्र आहे, आज पहिल्यांदाच धागा काढतोय. सांभाळून घ्या, पण फार नको.

एक अद्भुतरम्य कादंबरी लिहितोय. मुलखाचं नाव तळकाठ. किनाऱ्यालगतचं जुनं शहर समुद्राखाली गेलेलं आहे. भांगाच्या दिवसांत, म्हणजे भरती-ओहोटी कमी असते तेव्हा, तिथे नुसतं पाणी. उधाणाच्या दिवसांत मात्र, अमावास्या-पौर्णिमेच्या आगेमागे, ओहोटी पार तळाला जाते आणि शहराच्या भिंती घटका-दोन घटका उघड्या पडतात. भिंतींवर खुणा कोरलेल्या आहेत. हात, मासे, पायऱ्या, फुटकी चाकं. आणि एक उलटा दिवा, तो तर जागोजागी. शहर का बुडालं, कोणी बुडवलं, पुन्हा वर येणार का, सगळं त्या खुणांत दडलंय असं तळकाठचे लोक मानतात.

या खुणा लावायच्या शास्त्राला मी उमाणविद्या म्हणतो. उमाणा म्हणजे कोडं, आमच्याकडे आहाणे-उमाणे असं जोडीने म्हणतात. ही विद्या शिकलेला तो उमाणी. अर्थाच्या चार पातळ्या आहेत: दिसतं ते, म्हणतात ते, दडलंय ते आणि बोलू नये ते. बारा वर्षं मठात काढायची आणि शेवटी परीक्षा द्यायची, एक ओहोटी, एक भिंत. नायिका रेवू ही मठातली विद्यार्थिनी.

आता दुखणं सांगतो. ज्याला ज्याला मसुदा दिला तो म्हणतो, "कल्पना झकास, पण उमाणविद्येची पानं आली की डोळे मिटतात." नियम आहेत, परिभाषा आहे, गुरुपरंपरेची वंशावळसुद्धा काढून ठेवली आहे, तरी शास्त्र मेलेलं वाटतं. काय कमी पडतंय?

आडगावचा

जागा धरून बसलोय. 'लॉर्ड ऑफ द रिंग्ज'मधल्या मोरियाच्या दाराचं उदाहरण कोणीतरी देणारच, तर ते दिलं असं समजून पुढे चला.

मीमांसक

चार पातळ्या वाचल्या. त्यात "इथे काहीही दडलेलं नाही" अशी एकही पातळी नाही. दुखणं तिथेच आहे. ज्या शास्त्रात झाडून सगळ्या खुणा अर्थपूर्ण निघतात ते शास्त्र नव्हे, तो छंद झाला.

आपल्याकडे वाक्यार्थ लावायचं शास्त्र म्हणजे पूर्वमीमांसा. ग्रंथाचं तात्पर्य ठरवायला तिथे ज्या खुणा वापरतात त्या एका श्लोकात आहेत:

उपक्रमोपसंहारावभ्यासोऽपूर्वता फलम् ।
अर्थवादोपपत्ती च लिङ्गं तात्पर्यनिर्णये ॥

आरंभ आणि शेवट, पुन्हा पुन्हा काय येतं, नवीन काय सांगितलंय, त्याने साधतं काय, नुसती स्तुती-निंदा कुठे आहे आणि युक्तिवाद कुठे. 'गीतारहस्य'च्या (१९१५) पहिल्याच प्रकरणात टिळकांनी हाच श्लोक हाताशी घेऊन टीकाकारांना धारेवर धरलंय. ज्याने त्याने गीतेतून आपला संप्रदाय काढला, पण ग्रंथ सुरू होतो तेव्हा अर्जुन लढायला नाही म्हणतोय आणि संपतो तेव्हा तो लढायला उभा आहे, हे डोळ्याआड केलं. टिळकांचा निष्कर्ष पटो न पटो, त्यांनी वाद कसा मांडलाय ते बघा. नियम आधी जाहीर केला आणि मग त्याच नियमाने समोरच्याला पकडलं.

तुमच्या कामाची खूण आहे अर्थवाद. एखादं वाक्य भर घालायला आलेलं असतं, आज्ञा म्हणून नाही, हे ओळखता येणं. तुमचा उलटा दिवा जागोजागी आहे म्हणता. मग एक घराणं म्हणेल, हा 'अभ्यास' आहे, इतक्या वेळा आलंय म्हणजे हेच सार. दुसरं म्हणेल, छे, ही नक्षी आहे, अर्थवाद, सोडून द्या. दोघांकडे नियम आहे, आणि दोघांचा नियम एकाच पोथीतला. आता भांडण लावा. वंशावळीपेक्षा ते जास्त वाचलं जाईल.

पाणकोंबडा

मीमांसक, हे थेट उचलतो. दोन मठ होतेच, पण आत्तापर्यंत त्यांचं वैर नुसतं जमिनीवरून होतं.

तिरकस

जमिनीवरून होतं तेच बरं होतं की. एक साधा प्रश्न विचारतो: तुमच्या उमाण्यांना जेवायला कोण घालतं?

चौदाव्या शतकात फिरोजशाह तुघलकाने टोपऱ्याहून अशोकाचा स्तंभ दिल्लीला आणवला. शम्स-इ-सिराज अफीफ या त्या काळच्या इतिहासकाराने सगळं वर्णन करून ठेवलंय. स्तंभ आडवा पडताना तडकू नये म्हणून खाली शेवरीच्या कापसाच्या गाद्या, मग बोरू आणि कच्च्या चामड्यात गुंडाळणं, मग ४२ चाकांचा गाडा, मग यमुनेतून नावांवर. लोक त्या स्तंभाला भीमाची काठी म्हणत. सुलतानाने पंडित बोलावले, यावर काय लिहिलंय ते वाचा म्हणाला. ब्राह्मी तोवर कोणालाच येत नव्हती. तर अफीफ सांगतो, काही जणांनी असं वाचून दाखवलं म्हणे की फिरोज नावाचा थोर सुलतान येईपर्यंत हा स्तंभ कोणालाही हलवता येणार नाही!

लिपी येत नसताना केलेलं हे वाचन, आणि त्यात सुलतानाचं नाव अचूक निघतं. याला म्हणतात विद्या. तुमच्या मठाला राजाकडून धान्य येत असेल तर भिंतीवर राजाचं नाव निघायलाच हवं. निघत नसेल तर मठ कसा चालतो ते सांगा.

आडगावचा

खिक्. तिरकसराव फॉर्मात.

कटपयादी_कारटं

मला आकडे आवडतात म्हणून हे. कटपयादी पद्धतीत अक्षरांना अंक असतात. कादि नव, टादि नव, पादि पंच, याद्यष्ट. म्हणजे क, ट, प आणि य या प्रत्येकापासून १, २, ३ असं मोजत जायचं; ह पर्यंत ८, त्यापुढचा ळ ९. अंक उजवीकडून डावीकडे वाचायचे. 'जय' घ्या. ज म्हणजे ८, य म्हणजे १, उलट वाचा, १८. महाभारताचं जुनं नाव जय. पर्वं १८, युद्धाचे दिवस १८, अक्षौहिणी १८, गीतेचे अध्याय १८. आहे की नाही काटा आणणारं? कर्नाटक संगीतात तर हे चक्क कामाला येतं. मायामाळवगौळ या मेळाचा (मूळ स्वरमांडणीचा) क्रमांक १५, मा ५, या १, उलट १५. नावातून क्रमांक.

आता याच पद्धतीने मिसळ काढली. म ५, स ७, ळ ९, उलट ९७५. भूक लागली त्यापलीकडे काहीही सिद्ध झालं नाही.

मेळांची नावं संख्या बसवायची म्हणून तशी घडवली, तिथे पद्धत चालते. मिसळीला तसं कोणी घडवलेलं नाही. रेवूच्या मठात एक गुरुजी असे हवेत ज्यांना हा फरक कळत नाही, आणि विद्यार्थ्यांत तेच सगळ्यांत लाडके हवेत. मी त्यांच्या वर्गात बसेन.

मीमांसक

कारट्याला जोड. नीळकंठ चतुर्धर, मूळचे गोदाकाठच्या कोपरगावचे, सतराव्या शतकात काशीला राहून त्यांनी सगळ्या महाभारतावर 'भारतभावदीप' ही टीका लिहिली. आजही कोणी ओळ अडली की आधी नीळकंठ काय म्हणतो ते बघतात. याच माणसाने 'मंत्ररामायण' आणि 'मंत्रभागवत' लिहिलं. ऋग्वेदातल्या ऋचा निवडायच्या आणि त्यांत रामाची, कृष्णाची कथा आधीच गुप्त रूपाने आहे असं दाखवायचं. व्याकरण पक्कं, व्युत्पत्ती घासूनपुसून, आणि निष्कर्ष गगनाला. लाडके गुरुजी मूर्ख दाखवू नका एवढंच सांगायचं होतं. असे गुरुजी बहुधा मठातले सगळ्यांत विद्वान असतात.

वीरगळवेडी

पाणकोंबडा, तुम्ही उमाण्यांना भिंतीसमोर उभं केलंत की ते लगेच विचारच करायला लागतात. हाताने काही करतच नाहीत. मी गावोगावचे वीरगळ, म्हणजे लढताना पडलेल्या वीरांचे स्मारकदगड, बघत हिंडते, मला तिथेच अडकायला झालं.

झिजलेला दगड वाचायला लागणारी पहिली गोष्ट विद्वत्ता नाही, तिरपा उजेड. भर दुपारी दगड पाहिलात तर सपाट दिसतो. सकाळी लवकर किंवा सूर्य कलल्यावर तोच दगड पाहा, कोरलेल्या रेघेच्या एका काठावर सावली पडते आणि घोड्याचा पाय दिसायला लागतो. ऊन नसेल तर बॅटरी दगडाला जवळजवळ टेकवून आडवी धरायची. पाणी मारलं तर उठाव दिसतो. शेंदूर आणि ऑइलपेंट फासलेला असेल तर हात जोडून पुढच्या गावाला जायचं.

लेख असेल तर ठसा. दगड ब्रशने, पाण्याने स्वच्छ करायचा, ओला कागद चिकटवायचा, मग ब्रशने ठोकत ठोकत कागद अक्षरांच्या खाचांत बसवायचा. कागद अर्धवट सुकला की शाईचा बोळा हलक्या हाताने फिरवायचा. खाचेतली अक्षरं पांढरी राहतात, बाकी काळं. पूर्ण सुकल्यावर सोलून घ्यायचा. तुमच्या भिंतींवर दोन घटकांत कागद सुकणार आहे का? नाही. मग तुमचे उमाणी ठसा कशाचा घेतात? मेणाचा? मातीचा? की घेतच नाहीत, डोक्यात ठेवतात? यावर एक अख्खं प्रकरण आहे.

दुसरं, वीरगळ खालून वर वाचतात. सगळ्यात खालच्या चौकटीत लढाई किंवा पडलेला वीर, शेजारी बहुतेक वेळा गाई, कारण पुष्कळसे वीर गाईगुरं राखतानाच पडलेत. त्याच्या वर अप्सरा त्याला घेऊन निघाल्यात. त्याच्या वर तो शिवलिंगाची पूजा करतोय. माथ्यावर कलश, बाजूला चंद्र-सूर्य, म्हणजे ते असेतोवर ही कीर्ती राहील. वरून वाचलंत तर गोष्ट उलटी होते, पूजा करणारा माणूस स्वर्गातून घसरून मारामारीत पडतो.

तर तुमची भिंत कुठून सुरू होते? ओहोटी लागली की वरचा भाग आधी उघडा पडणार आणि सगळ्यात जास्त वेळ दिसणार. पायथा सगळ्यात शेवटी आणि निमिषभर. गोष्ट खालून वर असेल तर पिढ्यान्‌पिढ्या सगळ्यांनी नुसता शेवटच वाचलाय.

मीमांसक

वीरगळवेडी ताई, हॅट्स ऑफ. उपक्रमच हातात नाही आणि उपसंहारावर टीकाग्रंथांची चळत!

पाणकोंबडा

मी हे वाचून उठलो आणि फेऱ्या मारल्या. ताई, कादंबरी मागे घ्यायला लावलीत. चांगल्या अर्थाने.

टेक्सासकर

इथे रात्र आहे, थोडक्यात लिहितो. बाहेरच्या दोन गोष्टी सांगण्याजोग्या आहेत.

स्तानिस्लाव लेम यांच्या 'सोलारिस' (१९६१) मध्ये सोलारिस्टिक्स नावाचं पूर्ण शास्त्र रचलेलं आहे. ग्रहावर एक महासागर आहे, तो बहुधा जिवंत आहे, दोन सूर्यांभोवती फिरणाऱ्या ग्रहाची कक्षाही तोच सावरतो. त्याच्या पृष्ठभागावर प्रचंड आकार उठतात आणि कोसळतात. माणसं त्या आकारांना नावं देतात, वर्ग पाडतात, पोटवर्ग पाडतात, ग्रंथांनी कपाटं भरतात. महासागर काय म्हणतोय याचा पत्ता अखेरपर्यंत नाही. नायक स्टेशनवरच्या वाचनालयात बसून हे जुने ग्रंथ चाळतो ती पानं मला सगळ्यात थरारक वाटतात. म्हणजे ग्रंथांच्या यादीनेच डोळे मिटतात असं नाही. तिथे यादीतून त्या माणसांचं हरणं दिसतं. तुमच्या वंशावळीत कोण हरलं?

दुसरी, उर्सुला ले ग्विन यांची १९७४ ची छोटी कथा. तिच्यात प्राण्यांच्या साहित्याचा अभ्यास करणारं शास्त्र आहे. बाभळीच्या बियांवर एका मुंगीने स्रावाने लिहून ठेवलेला मजकूर अभ्यासक लावतात. राणीला 'वर' पाठवा अशा अर्थाची घोषणा त्यात आहे. आधी वाटतं जयजयकार. मग एक जण म्हणतो, मुंगीचं घर, अन्न, सुरक्षितपणा सगळं खाली, जमिनीच्या पोटात. वर म्हणजे ऊन आणि मरण. म्हणजे ही बंडाची घोषणा. उमाण्यांनाही हाच सवाल. बुडालेल्या शहराच्या लोकांना वरखाली सारखंच वाटत होतं कशावरून? दिवा उलटा आहे हे कोणी ठरवलं?

तिरकस

"दिवा उलटा आहे हे कोणी ठरवलं?" हे मलपृष्ठावर टाका.

नाखवा

मी कादंबऱ्या वाचत नाही फारशा, मुलीने हा धागा दाखवला. भरती-ओहोटीचं लिहिलंय म्हणून बोलतो.

आमच्या किनाऱ्याला, मुंबई-रायगडच्या बाजूला, पुनव-अवसेला भरती दुपारी आणि मध्यरात्री बाराच्या सुमाराला. म्हणजे सुकती, तुमची ओहोटी, सकाळ-संध्याकाळी सहाच्या आसपास. मग पाणी रोज पाऊण तास पुढे सरकतं. तिथीची पाऊणपट केली की भरतीची वेळ निघते. चतुर्थी असेल तर चाराची पाऊणपट तीन, म्हणजे तीनला भरती. घड्याळ नसलं तरी चालतं. तुमचा मुलूख आमच्यासारखा धरला तर भिंती दिसणार त्या उजाडताना आणि मावळताना. वरच्या ताई म्हणतात तो तिरपा उजेड आपोआप मिळाला. ढग असले तर नाही मिळाला.

सगळी उधाणं सारखी नसतात. चंद्र जवळ असतो तेव्हा पाणी आणखी खाली जातं. त्या दिवशी एरवी न दिसणारे खडक दिसतात. पायथा दाखवायचा असेल तर तो दिवस धरा.

मोठी चूक दुसरी आहे. भरती-ओहोटीच्या मधला कुठलाही दगड कोरा राहत नाही. शेवाळ येतं आणि कालवं बसतात, थरावर थर. तुमच्या खुणा दिसणार कशा? कालवं खरवडल्याशिवाय खाली काय आहे कळायचं नाही. आणि कालवं खरवडायला उमाणी जात नाहीत, बायका जातात. कोयती, टोपली, पायात जुने बूट, कारण कवच ब्लेडसारखं कापतं. कुठल्या भिंतीवर काय आहे ते त्यांना आधी दिसणार.

वीरगळवेडी

नाखवा काका, दंडवत.

म्हणजे कुठल्या खुणा वाचल्या गेल्या हे ठरतं कालवं कुठे चांगली लागतात त्यावर. मठाच्या ग्रंथांत 'दक्षिण भिंत अर्थगर्भ, उत्तर भिंत मौन' असं लिहिलेलं असेल, आणि खरं कारण एवढंच की उत्तरेला कालवं बारीक होती म्हणून तिकडे कोणी खरवडलं नाही.

अवांतर: अलिबागजवळच्या आक्षीचा शिलालेखही किनाऱ्यावरचाच. माथ्यावर चंद्र-सूर्य, खाली गधेगळाचं शिल्प. शं. गो. तुळपुळे यांनी त्याचा काळ शके ९३४, म्हणजे इ.स. १०१२ असा वाचला. पुढे त्या आकड्यांवर शंका घेतली गेली आणि वाद अजून चालू आहे. आकडे कोरलेले, दगड समोर, तरी वाद. आणि गधेगळ म्हणजे काय, तर दान मोडणाऱ्याला दिलेली आईवरची शिवी चित्र काढून दगडावर कोरायची, ज्याला वाचता येत नाही त्यालाही कळावी म्हणून. हजार वर्षांनी गावात विचारलं तर कोणी देव सांगतं, कोणी हद्दीचा दगड. काही ठिकाणी रीतसर पूजा होते.

जुनी_पोथी

ठसा की स्मरण, या प्रश्नावर महानुभावांकडे बघा असं सुचवेन. लीळाचरित्राची मूळ पोथी धामधुमीत गेली आणि ज्यांना पाठ होतं त्यांच्या आठवणीतून ती पुन्हा उभी केली गेली. हीराइसेच्या नावाचा पाठ प्रसिद्ध आहे. एकाच लीळेचे वेगवेगळे पाठ निघतात आणि पंथाने ते जपलेत, एकच खरा म्हणून बाकीचे जाळले नाहीत. वर पोथ्या सकळ लिपी, सुंदरी लिपी अशा सांकेतिक लिप्यांत. बाहेरच्या जगाला त्या शतकानुशतकं बंद होत्या. वि. का. राजवाडे आणि वि. ल. भावे यांच्या काळात ते दार उघडलं.

रेवूच्या मठात भिंती दोन घटका दिसतात, म्हणजे विद्यार्थ्यांचं खरं शिक्षण अर्थ लावायचं नसणार, लक्षात ठेवायचं असणार. एकीने पन्नास खुणा पाहिल्या, परत येऊन म्हटल्या. दुसरीला त्याच पन्नासांत एक जास्त आठवते. कोणाची धरायची? मठ ठरवतो, त्या अमक्या पाठाप्रमाणे. ती जास्तीची एक खूण पुढे शंभर वर्षं वाद घालते आणि भिंतीवर ती आहे की नाही हे आता कोणी बघायला जात नाही.

तिरकस

आता खरा प्रश्न. पाणकोंबडा, भिंतीवर खरंच काय लिहिलंय हे तुम्हाला माहीत आहे का?

माझं मत, माहीत नसावं. लेखकाला उत्तर माहीत असलं की तो आडून आडून सुचवत राहतो, आणि वाचकाला वास येतो. लेमने महासागराचं तोंड उघडलं नाही तेच बरं केलं.

मीमांसक

साफ असहमत. उत्तर नसेल तर सगळे उमाणी सारखेच बरोबर आणि सारखेच चूक. मग मगाशी लावून दिलेलं भांडण कोणत्या पायावर? लेखकाला उत्तर पक्कं ठाऊक हवं. सांगायचं की नाही तो पुढचा भाग.

तिरकस

आणि ते उत्तर 'शहर पापामुळे बुडालं' असं निघालं की मी पुस्तक रद्दीत घालणार.

टेक्सासकर

दोघांच्या मधली एक वाट आहे, आणि ती खरी घडलेली आहे.

वर फिरोजशाहच्या स्तंभाची गोष्ट आली, तिचा उत्तरार्ध १८३७ मधला. जेम्स प्रिन्सेपकडे सांचीच्या कठड्यांवरच्या छोट्या छोट्या लेखांचे ठसे आले. त्याच्या लक्षात आलं की बहुतेक सगळे लेख त्याच दोन अक्षरांनी संपतात. राजाज्ञा इतक्या तोकड्या आणि इतक्या सारख्या नसतात. त्याला देवळात भाविकांनी दिलेल्या वस्तूंवरची नावं आठवली. ही दोन अक्षरं म्हणजे 'दानं' असणार. अमक्याचं दान, तमकीचं दान. तिथून द आणि न मिळाले, मग बाकीची अक्षरं सुटत गेली, आणि शेवटी दिल्लीचा तो स्तंभ वाचला गेला. त्यावर भीम नव्हता आणि फिरोजही नव्हता. कोणी पियदसि नावाचा राजा प्रजेला सांगत होता की मी रस्त्याकडेला वड लावले, विहिरी खणल्या, अमुक प्राणी मारू नका. हा पियदसि म्हणजे अशोक, हे श्रीलंकेतल्या पाली ग्रंथांवरून जॉर्ज टर्नरने जुळवलं.

जागोजागी येणारी, सगळ्यात सामान्य, कोणीही भाव न दिलेली खूण होती ती. तुमच्याकडे अशी एक आहे.

कटपयादी_कारटं

उलटा दिवा!!!

मीमांसक

म्हणजे अभ्यास म्हणणारेही चुकले आणि नक्षी म्हणणारेही. तो ना सार, ना शोभा. नुसती पावती.

तिरकस

माघार. पावती चालेल मला. शहर कसं बुडालं हे सांगणारी भिंत नव्हतीच ती, भिंत बांधायला कोणी किती दिलं त्याची यादी होती. आणि बारा वर्षांचा मठ त्यावर. मग राजा धान्य कशाला पाठवेल? हा प्रश्न अजून उभा आहे बरं का.

पाणकोंबडा

मंडळी, मधले दिवस गप्प होतो कारण लिहीत होतो. मठाचं प्रकरण पूर्ण पाडलं. परीक्षेच्या प्रसंगाचा कच्चा तुकडा टाकतो:

*झुंजुमुंजू झालं तेव्हा पाणी दुसऱ्या चौथऱ्याखाली गेलं होतं. रेवूने पाण्याकडे पाठ केली आणि भिंतीसमोर बसली. ओठांत पाठ सुरू होता. हात, मासा, पायरी, दिवा. हात, हात, चाक, दिवा. तिच्या डाव्या हाताला भागी खरवडत होती. कोयती दगडावर कर्र वाजायची आणि कालवं टोपलीत पडायची.*

*"तुमच्या पोथीत या ओळीला काय म्हणतात?" भागीने मान वर न करता विचारलं.*

*"शोकपंक्ती. आठ हात वर केलेले आहेत. शहर बुडताना."*

*"आठ कुठे? अकरा आहेत. तीन मी आत्ता काढले." भागीने ओल्या फडक्याने दगड पुसला. "आणि यात एक लहान आहे बघ. पोराचा हात. पोर हात वर करून काय देणार, पण त्यालाही दिवा काढलाय खाली."*

*रेवूने पाठ थांबवला. देणार, असं भागी म्हणाली होती. परीक्षक वरच्या चौथऱ्यावर शाली लपेटून बसले होते, तिथून त्यांना फक्त वरच्या तीन ओळी दिसत.*

वीरगळवेडी

"तीन मी आत्ता काढले"! हे मस्तच. परीक्षक वरच्या चौथऱ्यावर हे तर फारच.

जुनी_पोथी

आठाचे अकरा झाले, आता मठात कुठल्या पाठाने उत्तर द्यायचं? आठ म्हणाली तर पास, अकरा म्हणाली तर नापास. पुढचा भाग लवकर टाका.

मीमांसक

भागीच्या तोंडी 'देणार' हा शब्द इतक्या लवकर नको. वाचक हुशार असतात. बाकी उत्तम.

तिरकस

उलट राहू द्या. भागीला कुठे माहीत आहे की तिने काही शोधलंय.

नाखवा

चांगलं लिहिलंय. एक दुरुस्ती. त्या मुलीला पाण्याकडे पाठ करून बसवलीय. पाणी फिरलं की लाट मागून येते, उधाणाचं पाणी चढतं पण भराभर. शेजारी कालवंवाली असेल तर ती आधी तिला हटकेल, हात मोजायचं मग.

पाणकोंबडा

काका, पण तिला पाण्याकडे तोंड करून बसवलं तर भिंत पाठीमागे जाते. वाचणार कशी?

नाखवा

आडवी बसव. भिंत उजव्या हाताला, पाणी डाव्या. आमच्याकडच्या बायका तशाच बसतात.